शून्य रुपयाचं तिकीट

प्रति,
मा. अध्यक्ष,
महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळ, मुंबई.



या राज्यातली म्हातारी माणसं कुठून कुठं जातात, कोणत्या वारी जातात आणि किती वाजता घरी परततात, याची आपल्या महामंडळाकडे जेवढी ताजी नोंद आहे तेवढी दुसऱ्या कुठल्याच खात्याकडे नसेल. तहसील कचेरीत श्रावणबाळ योजनेची यादी असते, आरोग्य उपकेंद्रात रक्तदाबाचं रजिस्टर असतं. पण पंचाहत्तरी उलटलेली एखादी बाई डोंगरातल्या थांब्यावर गाडीत चढली, तालुक्याला उतरली आणि दुपारच्या फेरीनं माघारी गेली, हे फक्त वाहकाच्या तिकीट मशीनला ठाऊक असतं. तिला पैसे पडत नाहीत, तरी तिकीट निघतं. आधार कार्ड दाखवायचं आणि शून्य रुपयाचं तिकीट घ्यायचं. त्या एवढ्याशा कागदाबद्दल मला आपल्याशी बोलायचं आहे.

मी पाटण तालुक्यातली, कोयनेच्या खोऱ्यात डोंगराच्या अंगाला असलेल्या एका गावात राहते. जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवत होते, आता निवृत्त आहे. यजमान गेले, मुलगी पुण्याला असते. माझं तिकीट अर्धं. माझ्या गावाला गाडी येते, त्यामुळे हे तक्रारीचं पत्र नाही. गाडी बंद पडल्यावर जी निवेदनं जातात त्यांत विद्यार्थ्यांची आणि रुग्णांची गैरसोय लिहिलेली असते, आणि ते बरोबरच आहे. पण चालू गाडीत काय घडतं हे सहसा कुणी लिहून कळवत नाही. ते गाडी चालू आहे तोवरच कळवावं असं मला वाटलं.

आमच्या खोऱ्यातला पुरुष पिढ्यान्‌पिढ्या मुंबईला जात आला आहे. आधी मशीद बंदरच्या गोदामांत, आणि बाजार नवी मुंबईत हलला तेव्हा तुर्भ्याला. पाठीवर पोती वाहणाऱ्या या माणसांसाठी ज्यांनी लढा उभा केला ते अण्णासाहेब पाटील आमच्याच तालुक्यातल्या मंद्रुळकोळ्याचे. १९६९ साली माथाडी कायदा झाला. हक्काची मजुरी आली, फंड आला, पुढं घणसोली-कोपरखैरण्याला वसाहती उभ्या राहिल्या. त्या कायद्यानं आमच्या घराघरांत दोन वेळचं अन्न आणलं, हे मी शाळेत पोरांना सांगत आले. पूर्वी पुरुष एकटा जायचा आणि बायको-पोरं गावाला असायची. मुंबईत डोक्यावर छप्पर आलं तशी बायको-पोरंही तिकडं गेली. ती गेली हेच योग्य झालं, पोरं शिकली. मागं राहिली ती आई.

आता आमच्या वाडीत निम्म्याहून अधिक घरांना वर्षाचा बराच काळ कुलूप असतं. गावच्या यात्रेला आणि गौरी-गणपतीला ती उघडतात, चार दिवस अंगणात चपलांचा ढीग पडतो, मग पुन्हा बंद. उरलेल्या घरांपैकी कितीतरी घरांत एकच माणूस राहतं, आणि बहुधा ती बाई असते.

एकटी म्हातारी म्हटलं की लोकांना वाटतं, पोरांनी टाकून दिलेली असणार. आमच्याकडच्या बायका टाकून दिलेल्या नाहीत. मुलं पैसे पाठवतात, रोज फोन करतात, सुना नीट वागतात, नातवंडांना आजी हवी असते. मुंबईला नेलं तर त्या पंधरा दिवसांत परत येतात, कारण तिथं त्यांना ओळखणारं कुणी नसतं. आणि गावात ओळखणारी माणसं एकेक करून कमी होत चालली आहेत. घरात धान्य आहे, औषधाची पट्टी आहे, टीव्हीही आहे. सकाळी शेळीशी बोलणं होतं आणि रात्री फोनवर मुलाशी. मधल्या बारा तासांत तोंडातून शब्द निघायचं कारण पडत नाही. दिवसभर न बोललेल्या बाईचा आवाज संध्याकाळी कसा घोगरा येतो, ते शेजारी राहिल्याशिवाय कळत नाही. मी स्वतः एकटी राहते, त्यामुळे मला ते माझ्याही घशात कळलं आहे.

अशा बाईचा आठवडा बाजाराच्या दिवशी सुरू होतो. आदल्या रात्रीच लुगड्याची घडी उशाशी ठेवलेली असते. सकाळी न्हाऊन, केस विंचरून, कुंकू किंवा नुसतं गोंदण असलेलं कपाळ पुसून ती गाडीच्या वेळेआधी अर्धा तास थांब्यावर येऊन बसते. हातात पिशवी, कमरेला चंची, चंचीत आधार कार्डाची प्लास्टिकमध्ये घातलेली झेरॉक्स. गाडी वळणावर दिसली की आधी हॉर्न येतो. आमच्या घाटातल्या त्या वळणावर हॉर्न वाजवणं चालकाला भागच आहे, पण थांब्यावरच्या बायकांना तो आपल्यासाठीच वाजवलेला वाटतो. मलाही तो तसाच वाटू लागला आहे.

गाडीत चढल्यावर जे सुरू होतं ते आपण एकदा ऐकावं. दोघींच्या बाकड्यावर तिघी बसतात. "काय गं, गुडघं कसं हाईत?" "हाईत तसंच. तुझी शेळी व्याली का?" "दोन पिल्लं दिली, एक लंगडं हाय." कुणाच्या भावकीत वाटणी झाली, कुणाची नात बारावीला पहिली आली, वरच्या वाडीत डुकरांनी भात कसा लोळवला, कोण गेलं, कुणाचं दहावं कधी. मिसरीची डबी इकडून तिकडं फिरते. पुढच्या थांब्यावर आणखी दोघी चढतात आणि झालेलं सगळं बोलणं त्यांच्यासाठी पहिल्यापासून सांगितलं जातं. तासाभराचा रस्ता आहे. तेवढ्यात चार वाड्यांची खबरबात एका गाडीत गोळा होते.

तालुक्याला उतरल्यावर बाजार म्हणावा तर अर्ध्या तासात होतो. कोथिंबिरीची जुडी, पाव किलो मिरच्या, नातवंडं यायची असली तर शेव. एकदा मी एकीला विचारलं, अहो, एवढ्यासाठी दोन तासांची ये-जा कशाला करता, दुकान तर गावातही आहे. ती म्हणाली, "घरात समदं हाय बाई. बटाटं हाईत, मटकी हाय. पर बाजारला आलं की चार माणसं दिसत्यात." मी पस्तीसेक वर्षं मुलांना भाषा शिकवली, पण एकटेपणावरचा इलाज इतक्या थोडक्यात मला सांगता आला नसता.

आपल्या वाहकांबद्दलही लिहायला हवं. डोंगराकडच्या फेरीवर तोच वाहक काही महिने राहिला की त्याला प्रत्येक थांब्यावरची माणसं पाठ होतात. मागच्या पावसाळ्यात एका थांब्यावर गाडी उभी करून वाहक खाली उतरला आणि तिथल्या पोराला म्हणाला, "हितली आज्जी दोन बाजार झालं दिसली न्हाय. घरात जाऊन बघ जरा, मी थांबतो." पोरगं पळत गेलं. म्हातारीला ताप होता, अंथरुणातून उठवत नव्हतं, चूल पेटली नव्हती. रोज रात्री मुंबईहून मुलाचा फोन येत होता आणि ती रोज "बरी हाय" म्हणून सांगत होती. गाडीतल्या दोघींनी धरून तिला गाडीत आणलं, पुढच्या बाकावर आडवं केलं आणि त्याच गाडीनं ग्रामीण रुग्णालयात नेलं. गाडी त्या दिवशी उशिरा पोचली असणार. त्याची नोंदही कुठंतरी उशीर म्हणूनच झाली असेल.

मुलानं फोनवर जे ऐकलं ते खोटं नव्हतं. आईनं लेकाला घोर नको म्हणून तसंच सांगायचं असतं. फोनवर माणूस सांगेल तेवढंच कळतं, आणि जे सांगितलं जात नाही ते कळायला कुणाला तरी आपली रिकामी जागा दिसावी लागते. डोंगरातल्या थांब्यावरची रिकामी जागा बघणारं माणूस आता वाहकाखेरीज फारसं कुणी उरलेलं नाही. पोस्टमन येतो तो पत्र असलं तर, आणि पत्रं आता येत नाहीत. शाळा पटसंख्येवर तगलेल्या आहेत. ज्येष्ठांसाठी १४५६७ हा मदतीचा नंबर सरकारनं सुरू केला आहे आणि तो प्रत्येक घराच्या भिंतीवर लिहून ठेवावा असाच आहे. पण तो फिरवायला स्वतःला मदतीची गरज आहे हे आधी कबूल करावं लागतं. आमच्या बायका ते करत नाहीत. बाजाराला जाणं मात्र त्या लाज न वाटता करतात.

जगभर एकटेपणाच्या या दुखण्याकडे आता आरोग्याचा प्रश्न म्हणून पाहिलं जातं. ब्रिटननं २०१८ साली एकटेपणासाठी मंत्री नेमला. जागतिक आरोग्य संघटनेनं २०२३ मध्ये यासाठी आयोग बसवला आणि त्याचा अहवाल ३० जून २०२५ ला आला. जगात दर सहा माणसांमागे एकाला एकटेपणा छळतो आणि वर्षाला ८ लाख ७१ हजारांहून अधिक मृत्यूंशी त्याचा संबंध आहे, असा त्यात अंदाज आहे. आपल्याकडे यासाठी वेगळं खातं उघडावं अशी माझी मागणी नाही. त्या कामाचा मोठा भाग महाराष्ट्रात एसटी आधीपासून करते आहे. तिला ते काम म्हणून कुणी नेमून दिलेलं नाही, एवढंच.

खरं तर शासनानं ते नकळत नेमून दिलं, २६ ऑगस्ट २०२२ ला. त्या दिवसापासून पंचाहत्तरी पूर्ण केलेल्यांना राज्यभर एसटीचा प्रवास मोफत झाला. पासष्टपासून पुढच्यांना अर्धं तिकीट होतंच. मग १७ मार्च २०२३ पासून सगळ्या बायकांना अर्धं तिकीट झालं. त्या दिवसांत "आता म्हाताऱ्या फुकट हिंडायला लागतील" असं मी पुष्कळांच्या तोंडून ऐकलं. हो, त्या हिंडू लागल्या. त्याआधी काय होतं ते मी सांगते. प्रवासाचे पैसे मुलाकडून यायचे. मागायचे म्हटलं तर कारण सांगावं लागायचं. दवाखाना हे कारण चालायचं, मयत चालायची, लग्न चालायचं. "मला बहिणीला बघावंसं वाटतंय" हे कारण बाई उभ्या आयुष्यात कधी देऊ शकली नव्हती. आधी सासू विचारायची, मग नवरा विचारायचा, मग लेक विचारायला लागला, "कशाला निघालीस?" शून्य रुपयाच्या तिकिटानं तिला कारण सांगण्यातून मोकळं केलं. वयाच्या शहात्तराव्या वर्षी ती पहिल्यांदा कुणाला न विचारता गाडीत बसली. जानेवारी २०२५ मध्ये भाडं १४.९५ टक्क्यांनी वाढलं तेव्हाही तिचं तिकीट शून्यच राहिलं, याबद्दल मी आपली आणि शासनाची मनापासून आभारी आहे.

तालुक्याच्या स्टँडवर मी दोन बहिणी बघते. दोघी ऐंशीच्या पुढच्या. एक आमच्या बाजूच्या डोंगरातली, दुसरी नदीपलीकडच्या खोऱ्यातली. लग्न झाल्यावर दोघी दोन दिशांना गेल्या आणि नंतर भेटल्या त्या भावाच्या घरी, दिवाळीला, तेही भाऊ होता तोवर. माहेर संपल्यावर भेटायची जागाच राहिली नाही. एकमेकींच्या घरी जायचं तर दोन गाड्या बदलाव्या लागतात, वरून चढ चालावा लागतो आणि मुक्काम करावा लागतो. ते आता दोघींनाही झेपत नाही. म्हणून त्यांनी स्वतःच एक वाट काढली. बाजाराच्या दिवशी एक आपल्या गाडीनं येते, दुसरी आपल्या गाडीनं. स्टँडवर पाण्याच्या टाकीजवळ सिमेंटचा बाक आहे, तिथं बसतात. थोरलीनं भाकरी आणि खर्डा आणलेला असतो, धाकटीनं शेंगदाण्याची चटणी. फडकं मांडीवर पसरून अर्धी-अर्धी भाकरी खातात. थोरलीला ऐकू कमी येतं, म्हणून धाकटी तिच्या उजव्या कानाशी तोंड नेऊन बोलते आणि तरीही मोठ्यानं बोलते, त्यामुळे त्यांचं सगळं बोलणं आसपासच्या दहा माणसांना ऐकू जातं. त्यात गुपित काही नसतं. आईनं कोणती भाजी कशी केली असती, वडलांचा बैल कोणत्या रंगाचा होता, यावर त्यांचा वाद चालतो. बैल कोसा होता की बांडा, हे अजून ठरलेलं नाही. आईबाप कसे दिसत होते हे माहीत असलेलं दोघींच्या ओळखीत आता दुसरं कुणीही जिवंत नाही. मग कुणाची तरी गाडी लागते, ती उठते, दुसरी तिची पिशवी गाडीच्या दारापर्यंत नेऊन देते.

रक्षाबंधनाला आणि भाऊबिजेला एसटीला किती गर्दी होते आणि किती उत्पन्न येतं, याची बातमी दरवर्षी पेपरात येते. ती वाचून मला आनंद होतो. त्या दोन बहिणींच्या भेटीतून मात्र कुणाच्या नजरेत भरेल असं उत्पन्न येत नाही.

म्हाताऱ्यांबद्दल एवढं लिहिते म्हणून गाडीतली तरुण पोरं मला दिसत नाहीत असं नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या त्या अहवालात तरुणांतलं एकटेपणाचं प्रमाणही मोठं सांगितलं आहे आणि मला त्याचं नवल वाटलं नाही. कऱ्हाडला खोली करून राहणारी पोरं शनिवारी गावाकडं येतात ती कानात वायरी घालून, खिडकीला डोकं टेकून. शेजारची आजी त्यांच्या दंडाला हात लावते आणि औषधाची चिठ्ठी पुढं करते, "लेकरा, ही लाल गोळी जेवायच्या आदी हाय का मागनं?" पोरगं कानातली वायर काढून वाचून दाखवतं. मग आजी त्याला, तो कुणाचा, घर कुठं, आई कुणाकडची, हे सगळं विचारते आणि शेवटी त्याच्या आज्याचं नाव तिला माहीत निघतं. असं मी अनेकदा पाहिलं आहे. माझ्या पिढीला एसटीनं वेगळ्या रीतीनं जोडून ठेवलं होतं. मी डी.एड.ला साताऱ्याला होते तेव्हा आईचा डबा एसटीनं यायचा. पितळी डबा, त्याला फडकं बांधलेलं, फडक्याच्या गाठीत चिठ्ठी. आई शाळेत गेलेली नव्हती, चिठ्ठी शेजारच्या मुलीकडून लिहून घ्यायची. स्टँडवर उतरवलेल्या डब्यांतून आपला डबा शोधून घ्यायचा आणि दुसऱ्या दिवशीच्या गाडीत रिकामा ठेवायचा. माझ्या आईला आणि मला जोडणारा वाहक कोण होता, हे मला कधी कळलं नाही.

आता भारमानाकडे, म्हणजे गाडीतल्या किती जागा भरतात याकडे येते, कारण फेरी राहणार की जाणार हे त्यावर ठरतं. हे एका बाजूनं योग्यही आहे. डिझेलला पैसे लागतात, गाड्या जुन्या झाल्या आहेत, महामंडळ तोट्यात आहे आणि कर्मचाऱ्यांचे पगार वेळेवर झालेच पाहिजेत. २०२१ च्या दिवाळीच्या सुमारास सुरू झालेला संप २०२२ च्या एप्रिलपर्यंत चालला. त्या महिन्यांत आम्ही वडापावर, म्हणजे खासगी जीपवर होतो. वडापवाल्यांनाही पोटं आहेत, त्यांना मी दोष देत नाही. पण जीप भरल्याशिवाय सुटत नाही, सावकाश चढणाऱ्या म्हातारीसाठी थांबायला तिला परवडत नाही, आणि मुख्य रस्ता सोडून ती वर वाडीत येत नाही. शून्य रुपयाचं तिकीट तर तिथं नाहीच. त्या हिवाळ्यात आमच्या वाडीतल्या कितीतरी बायका वाडीच्या बाहेरच पडल्या नाहीत. एसटी पुन्हा सुरू झाली तेव्हा एकीनं गाडीच्या पुढच्या काचेला हळद-कुंकू लावलं. मात्र संपानंतर राज्यातल्या सगळ्याच ग्रामीण फेऱ्या पूर्वीसारख्या झाल्या नाहीत, हे आपल्याला माझ्यापेक्षा अधिक ठाऊक आहे.

भारमान हा शेवटी भागाकार आहे. ४४ आसनांच्या गाडीत चौदा माणसं बसली तर भारमान ३२ टक्के भरतं. तीच चौदा माणसं २२ आसनांच्या गाडीत बसली तर ६४ टक्के. बायका तेवढ्याच, त्यांची गरज तेवढीच, फक्त छेद बदलला. डोंगरातल्या गावांची लोकसंख्या आता वाढणार नाही, उलट घटत जाईल. तिथं मोठी गाडी पाठवून ती भरत नाही म्हणून बंद करणं मला पटत नाही. महामंडळानं मध्यंतरी 'यशवंती' नावाच्या लहान गाड्या आणल्या होत्या. तशा गाड्या आमच्या अरुंद वळणांवर अधिक बऱ्या वळतील आणि डिझेलही कमी पितील. १ जून १९४८ ला पहिली एसटी नगर-पुणे मार्गावर धावली आणि २०२२ साली त्याच तारखेला विजेवरची शिवाई त्याच मार्गावर आली. मला त्या शिवाईचा अभिमान आहे. पण नव्या गाड्यांची खरेदी ठरते तेव्हा मोठ्या शहरांमधल्या मार्गांच्या जोडीनं डोंगरातल्या वाड्यांसाठी काही लहान गाड्या मागवाव्यात, असं फार वाटतं.

आणि फेरी बंद करण्याचा कागद आपल्यापुढं येईल तेव्हा त्यात एक रकाना वाढवून घ्यावा, ही माझी मुख्य विनंती आहे. या फेरीवर गेल्या वर्षात शून्य रुपयाची तिकिटं किती निघाली? ती कोणत्या थांब्यांवरून निघाली? त्या थांब्याला दिवसातून दुसरी गाडी आहे का? ही माहिती गोळा करायला नवी पाहणी नको, माणसं नकोत. ती मशीनमध्ये पडून आहे. शून्य तिकीट हे महामंडळाच्या हिशेबातही शून्य नसतं, सवलतीची रक्कम शासनाकडून येते. जिथं दिवसाला एकच फेरी आहे आणि तिच्यात शून्य तिकिटं आठवड्यामागून आठवडे निघत आहेत, ती फेरी भारमान कितीही खाली गेलं तरी तोडू नये, असा नियमच करून टाकावा. त्याला पैसे कमी पडत असतील तर ते शासनाकडं मागावेत. आरोग्य खात्याच्या पैशातून मागितले तरी चुकीचं होणार नाही.

मुक्कामाच्या गाडीबद्दल थोडंसं. जिथं ती अजून जाते तिथं गावाला रात्री धीर असतो, कारण अडीनडीला पहाटे पहिली गाडी दारातून सुटणार हे माहीत असतं. पण चालक-वाहकाला झोपायला धड जागा नसेल, न्हाणीघर नसेल, तर त्यांनी तो मुक्काम का घ्यावा? ग्रामपंचायतींनी ती सोय करावी म्हणून आपण लिहावं. आम्हीही आमच्याकडून बोलू. आमच्या गावात अजून तरी मुक्कामाच्या माणसांना जेवायला कुणी ना कुणी हाक मारतं.

स्टँडचं नवं बांधकाम ठिकठिकाणी निघतं आहे. नकाशात गाळे असतात, ते हवेत, त्यातून उत्पन्न येतं. पण बाक कमी करू नका. पाठ टेकता येईल असा, सावलीतला, आणि बायकांच्या स्वच्छतागृहापासून फार दूर नसलेला बाक असावा. घरी जायला गाडी नाही म्हणून बसलेल्या आणि भेटायला म्हणून बसलेल्या, दोघींनाही तो लागतो. पाण्याच्या टाकीजवळच्या त्या बाकावर माझा डोळा आहे हे आपल्या लक्षात आलंच असेल.

आता वेळेचं तेवढं सांगून थांबते. बाजाराच्या दिवशी डोंगराकडं परतणारी फेरी दुपारी एकच्या आत सुटली तर ती या बायकांच्या फारशी कामाची नसते. सकाळची गाडी दहाला पोचते. दवाखान्यात केसपेपर काढून डॉक्टरांपर्यंत पोचायला बारा वाजतात. ज्यांना श्रावणबाळचा पगार काढायचा असतो त्यांचं बँकेत तसंच होतं. मग भाजी. एकची गाडी गाठायची म्हटलं की यातलं दवाखाना, बँक, भाजी काहीच सोडता येत नाही, बसणं-बोलणं तेवढं सोडलं जातं. अडीचची गाडी असेल तर ते राहतं, आणि शाळा-कॉलेज लवकर सुटलेली पोरंही तीच गाडी धरतात, म्हणजे भारमानालाही तिचा हातभार लागेल. राज्यातल्या डोंगरी तालुक्यांच्या आगारांना, बाजाराच्या दिवशीची परतीची एक फेरी अडीचच्या पुढं ठेवता येते का ते तपासायला सांगावं, आणि त्यांच्याकडून तसा प्रस्ताव आला तर तो मंजूर करावा, ही विनंती.

आपली,
पाटण खोऱ्यातली एक प्रवासी